लेक्चरनंतरची पाच मिनिटं

मन्मथप्पा पटणे यांच्यावर नजर ठेवायचं काम सरांनी माझ्याकडे दिलं, कारण ऑफिसात याद्या करायची सवय मला एकटीलाच होती. खडूंची यादी, खुर्च्यांची यादी, कोणत्या पोराचा डबा कोणत्या खानावळीतून येतो त्याची यादी. त्यात आणखी एक वाढली. पटणे रोज संध्याकाळी पिशवीतून काय नेतात.

लातुरात ते क्लासेसचे दिवस होते. गल्लोगल्ली बोर्ड, बोर्डावर मागच्या वर्षी डॉक्टरकीला लागलेल्या पोरांचे फोटो, आणि प्रत्येक क्लासला शेजारच्या क्लासचा संशय. मी नांदेडची. लग्नानंतर लातुरात आले आणि अशाच एका मोठ्या क्लासचं ऑफिस सांभाळू लागले. आमच्याकडे चारशे पोरं एका हॉलमध्ये बसत. माईक आणि स्पीकर बघायला मन्मथप्पा होते. सरांची केमिस्ट्रीची लेक्चरं टेप करायची आणि त्यांच्या कॅसेटी तालुक्याच्या पोरांना पाठवायच्या, हेही काम त्यांचंच. एके वर्षी आमच्या सराव परीक्षेची प्रश्नपत्रिका आदल्या दिवशीच समोरच्या क्लासच्या पोरांच्या हातात दिसली. सर म्हणाले, "रोज पिशवी भरून घरी कोण जातं?"

मी यादी सुरू केली. सोमवार, दोन कॅसेटी, एक स्क्रू-ड्रायव्हर. बुधवार, कापडात गुंडाळलेलं काहीतरी, लांबट. दहाव्या दिवशी मन्मथप्पा माझ्या टेबलाशी आले आणि शर्टाच्या आतल्या खिशातून वही काढून त्यांनी माझ्यापुढं ठेवली.

"बाई, तुमची यादी माझ्या यादीशी ताडून बघा. मंगळवार तुमचा राहिलाय."

मी वाचलं. 'मंगळवार, दुपारी तीन. बाई खिडकीत. हातात चहा, पण पीत न्हाईत.'

मी सरळ विचारलं, "अप्पा, पिशवीत काय असतं?"

"हे सरांनी इचारलंय का तुमी?"

"मी विचारतेय."

"मग सांगत न्हाई. सरांनी इचारलं असतं तर खोटं सांगितलं असतं."

प्रश्नपत्रिका फोडणारा पुढं सापडला. तो सरांचाच एक जवळचा नातेवाईक निघाला आणि प्रकरण घरातल्या घरात मिटलं. मन्मथप्पांना कुणी 'चुकलं' म्हटलं नाही. त्यांनीही विषय काढला नाही. फक्त साऊंडच्या खोलीला दोन कुलपं होती, ती तीन झाली.

उंच, हडकुळे, कपाळाला विभूती, गळ्यात लिंग, शर्टाला आतून शिवून घेतलेले तीन खिसे. उदगीरच्या भुसार दुकानदाराच्या घरातले. घरात कानडी-मराठी दोन्ही चाले आणि एखादी गोष्ट साफ नको असली की ते 'बेडा' म्हणून मोकळे होत. माईकची वायर सकाळी वितीनं मोजून घेत आणि संध्याकाळी पुन्हा मोजत. खानावळीचं वरण आधी वास घेऊन बघत. 'सगळे म्हणतात' असं कुणी म्हटलं की त्यांचं ठरलेलं उत्तर होतं, "सगळे कोन? नाव सांगा." सर एकदा भरल्या हॉलमध्ये म्हणाले, "सगळ्यांना माहीत आहे, हा प्रश्न यंदा येणारच." मागून माईकच्या टेबलावरून बारीक आवाज आला, "कोन म्हनलं? नाव सांगा." चारशे पोरं हसली. सरांनी आठ दिवस त्यांच्याशी बोलणं टाकलं होतं. मन्मथप्पांनी तेही वहीत लिहून ठेवलं असणार.

क्लासात येण्याआधी गंजगोलाईच्या बाजारपेठेजवळ त्यांचं रेडिओ दुरुस्तीचं दुकान होतं. रेडिओवर जे चांगलं लागेल ते टेप करून ठेवायचा त्यांना नाद होता. शेतीच्या गप्पा, श्रुतिका, भारुडं, बाजारभावसुद्धा. दुरुस्त करणारा माणूस असूनही ते रेडिओला तार जोडून टेप करत नसत. रेडिओच्या स्पीकरसमोर माईक ठेवत.

"तार जोडली की मशीन काय ऐकतंय ते मला कळत न्हाई," ते म्हणायचे. "माईक ठेवला की जे मी ऐकलं तेच टेपवर. तारेचा भरोसा न्हाई."

बटण दाबलं की आधी स्वतः माईकमध्ये बोलत. वार, वेळ, लाईट आहे की बॅटरीवर चालू आहे, आणि दुकानात त्या वेळी कोण कोण बसलंय. मग रेडिओ. नव्वद मिनिटांची कॅसेट, एका बाजूला पंचेचाळीस मिनिटं. भरली की वरची प्लॅस्टिकची खाच तोडून टाकायची, म्हणजे तिच्यावर दुसरं काही टेप होत नाही. कॅसेटवर नाव घालत नसत, नुसता आकडा. कोणत्या आकड्याला काय आहे ते वहीत, आणि वही खिशात.

भूकंप झाला तेव्हा हा नाद कामाला आला. गणपती विसर्जनानंतरची ती पहाट आमच्या भागात कुणाला सांगावी लागत नाही. लातूर शहर तगलं, पण लोक रस्त्यावर झोपत होते आणि दर तासाला नवी वावडी उठत होती. आज रात्री बाराला परत हलणार. धरण फुटलं. रेडिओवर सांगितलं म्हणे. मन्मथप्पांनी दुकान उघडं ठेवलं आणि दिवसभराचं सगळं टेप करायचा सपाटा लावला. कुणी म्हणालं रेडिओवर सांगितलं, की ते म्हणत, "या, बसा. सकाळपासूनचं हाय माझ्याकडं. कुठं सांगितलं दाखवा." लोक टेप ऐकत आणि गप्प होऊन घरी जात. गंजगोलाईतले म्हातारे दुकानदार मला सांगत, त्या आठवड्यात आम्ही झोपलो ते मन्मथप्पामुळं.

ते स्वतः मात्र झोपत नव्हते. त्यांची धाकटी बहीण महादेवी औसा तालुक्यातल्या एका गावात दिलेली होती. भूकंप झाला त्या गुरुवारी सकाळीच ते तिच्या गावी पोचले, तर घर म्हणून ओळखावं असं काही उरलं नव्हतं. शेजाऱ्यानं सांगितलं, महादेवी आणि तिचा नवरा नागनाथ दोघंही जिवंत आहेत, नागनाथला मार लागलाय, एका ट्रकमधून नेलं. कुठं नेलं ते कुणाला माहीत नव्हतं. लातूरचे दवाखाने मन्मथप्पांनी पालथे घातले, भावांना उमरग्याला पाठवलं. जखमी लोकांचे निरोप रेडिओवर वाचून दाखवत आहेत असं शुक्रवारी कळलं आणि ते रेडिओसमोर बसले. निरोप ऐकला तो रविवारी सकाळी. दोघं सोलापूरच्या दवाखान्यात आहेत, भावानं यावं. ते तसेच निघाले. पोचले तेव्हा नागनाथ आदल्या दिवशी गेले होते. अनोळखी गावात चार परक्या माणसांनी माती दिली. माहेरचं एक माणूस नव्हतं.

महादेवीनं त्यांना दारातच विचारलं, "निरोपाची चिठ्ठी शुक्रवारी दवाखान्यातल्या चिठ्ठ्या नेणाऱ्या पोराकडं दिली. शुक्रवारीच वाचला म्हणून त्या पोरानं मला येऊन सांगितलं. तू आज आलास?"

ते म्हणाले, रविवारच्या आधी निरोप आलाच नाही. मी समोर बसलो होतो. माझ्याकडं टेप आहे.

"तुझी टेप तुझ्यापाशी ठेव," ती म्हणाली.

त्यानंतर दहा-अकरा वर्षं भाऊ-बहीण एकमेकांशी बोलले नाहीत. महादेवीच्या मनात पक्कं बसलं होतं की भावानं निरोप ऐकला आणि हयगय केली. उदगिरात याहून वाईट बोललं जात होतं, की नागनाथची जमीन पाहून भाऊ थांबला. हे सगळं मन्मथप्पांना ठाऊक होतं. त्यांनी त्या आठवड्याच्या कॅसेटी जिवापाड सांभाळल्या. शुक्रवारी निरोप आला नाही आणि रविवारी आला, हे सांगणारा दुसरा साक्षीदार त्यांच्याकडं नव्हता.

आता सांभाळल्या कशा, ते सांगते. घरी ठेवल्या नाहीत, कारण पुतण्यांनी त्यांच्यावर लग्नाची गाणी भरली असती. दुकान बंद करून क्लासात आले तेव्हा कॅसेटी आमच्या स्टीलच्या कपाटात आणून ठेवल्या, कारण त्या कपाटातल्या प्रत्येक वस्तूची नोंद माझ्याकडे होती. बेचाळीस कॅसेटी, पुठ्ठ्याचा एक खोका. चांगली वस्तू दिसली की लोक उचलतात, असा त्यांचा अनुभव. म्हणून खोक्यावर त्यांनी निळ्या स्केचपेननं लिहिलं, 'जुनी रिव्हिजन. बाद.'

मीही तसंच नोंदवलं. एक खोका, जुनी रिव्हिजन, बाद.

पुढं ते मोतीबिंदूच्या ऑपरेशनसाठी तीन आठवडे रजेवर गेले. परीक्षा जवळ आली होती. सर म्हणाले, तालुक्याच्या पोरांना रिव्हिजनच्या कॅसेटी लगेच गेल्या पाहिजेत, नव्या मागवायला वेळ नाही, बाद झालेल्या वापरा. मी यादी काढली, खोका काढला, बदली माणसाच्या हवाली केला. तो म्हणाला, खाचा तुटलेल्या आहेत, टेप होणार नाहीत. मी चिकटपट्टीची दोन रिळं आणून दिली. खाच चिकटपट्टीनं बुजवली की मशीनला काही कळत नाही. चार दिवसांत बेचाळीस कॅसेटी सरांच्या आवाजात भरल्या आणि अहमदपूर, कंधार, हिमायतनगर, जिथं जिथं आमची पोरं होती तिथं गेल्या. कोणत्या नंबरची कॅसेट कोणत्या पोराला, याची यादी मी केली. काम चोख झालं म्हणून सर खूश होते.

पंधरा दिवसांनी कंधारहून एका वडिलांचं पत्र आलं. लेक्चर संपल्यावर कॅसेट बंद केली नाही तर कुणीतरी जखमी माणसांची नावं वाचतंय, मुलगी घाबरली आहे, कृपया लक्ष द्यावं. मी ते तक्रारींच्या फायलीत लावलं.

नेमकं त्याच महिन्यात महादेवीनं भाच्याबरोबर सांगावा धाडला. टेप खरंच असेल तर ऐकव. आता माझंही वय झालं, खरं काय ते एकदा कळू दे.

मन्मथप्पा त्या दिवशी माझ्याआधी ऑफिसात आले होते. डोळ्यावर हिरवी पट्टी. कपाटासमोर उभे. मी किल्ली फिरवली. खोका नव्हता. मी माझी यादी काढली आणि वाचत गेले तसा माझा आवाज उतरत गेला.

"कुणाच्या सांगण्यावरून केलं?" त्यांनी विचारलं.

"सरांनी सांगितलं. पण काढून मी दिला."

"मुद्दाम?"

"अप्पा, त्यावर बाद लिहिलं होतं."

"मी लिवलं होतं ते चोरांसाठी," ते म्हणाले. "तुमच्यासाठी न्हाई."

एवढं बोलून ते खुर्चीत बसले. माझ्यावरचा त्यांचा संशय पूर्ण कधीच गेला नाही, असं मला वाटतं. मला त्यात चूकही दिसत नाही. मी तक्रारींची फाईल उघडून कंधारचं पत्र त्यांच्यापुढं ठेवलं. त्यांनी ते दोनदा वाचलं. सरांचं लेक्चर चाळिसाव्या मिनिटाला संपायचं. कॅसेट पंचेचाळीसची. प्रत्येक बाजूच्या शेवटी पाच मिनिटं जुनी तशीच राहिली होती.

"यादी हाय का तुमच्याकडं?" ते म्हणाले. "कोनाला कोनती गेली?"

पुढचे दोन महिने, परीक्षा संपल्यावर, मन्मथप्पा एसटीनं गावोगाव फिरत होते. माझी यादी, त्यांची वही आणि शेवटचा जुना तुकडा उरलाय का एवढंच तपासायला बॅटरीवर चालणारा टेपरेकॉर्डर. दोन रविवार मीही बरोबर गेले, कारण एकट्या माणसाला कुणी कॅसेट द्यायला तयार नव्हतं. अहमदपूरला एका घरी बापानं दार अर्धवट उघडलं.

"क्लासची फी भरलीय आमी. पावती हाय."

"फी नको," मन्मथप्पा म्हणाले. "कॅसेट पाहिजे. तीस नंबरची."

"का? त्यात काय हाय असं?"

"केमिस्ट्री."

"मग परत कशाला मागून राहिलेत? ह्या वर्षीचा पेपर असंल त्यात. पोराचं ॲडमिशन होऊ द्या, मग बघू."

मन्मथप्पांना खरं कारण सांगायचं नव्हतं. खरं सांगितलं की माणूस किंमत वाढवतो, असं त्यांचं म्हणणं. शेवटी मीच सांगितलं की यांच्या बहिणीचा भूकंपातला निरोप त्यात असू शकतो. तो माणूस आत गेला आणि कॅसेट घेऊन आला. बायकोनं पाणी दिलं. मन्मथप्पांनी तांब्या हातात घेतला, पाण्याकडं एकदा पाहिलं आणि प्याले. परतीच्या गाडीत मला म्हणाले, "तुमी सगळं सांगून टाकता, बाई. धोका असतो त्यात."

हिमायतनगरला ते एकटेच गेले. तिथल्या पोरानं कॅसेट मामाला दिली होती, मामानं भजनी मंडळाला. बेचाळीसपैकी एकोणीस हाती लागल्या. बाकीच्यांवर कुठं गाणी भरली गेली, कुठं टेप गुंतून तुटली. वहीप्रमाणं रविवारची कॅसेट बत्तीस नंबरची. ती ज्या मुलीला गेली होती तिचं बिऱ्हाड बदललं होतं आणि पत्ता कुणाला माहीत नव्हता. महादेवीला त्यांनी निरोप धाडला, अजून शोधतोय. तिकडून उत्तर आलं नाही.

तीन-चार वर्षं गेली. क्लासनं नांदेडला शाखा काढली आणि मला तिथं पाठवलं. माहेरच्या गावी नोकरी, मी खूश होते. तिथं सबनीस नावाच्या निवृत्त बँक कर्मचाऱ्यांशी ओळख झाली. ते आणि त्यांच्यासारखे दहा-बारा हौशी लोक जुन्या रेडिओ कार्यक्रमांची एक वेबसाइट चालवत. कुणी पुण्यात, कुणी दुबईत, बहुतेकांनी एकमेकांना पाहिलेलंही नव्हतं. घरोघरच्या कॅसेटी गोळा करायच्या, संगणकावर घ्यायच्या, साइटवर टाकायच्या, ज्याला हवं त्यानं ऐकावं. परवानगी कुणाची नाही, पगार कुणाला नाही. मी लगेच लातूरला फोन लावला. भूकंपाच्या आठवड्यातलं रविवारचं प्रसारण दुसऱ्या कुणी टेप केलं असेल तर इथं मिळेल.

मन्मथप्पांचा पहिला प्रश्न, "फुकट करतात?"

"हो."

"मग खातात काय?"

"पेन्शन आहे त्यांना."

"पेन्शन असलेला मानूस फुकटचं काम करतोय म्हनजे काहीतरी असनारच."

ते नांदेडला आले, सबनीसांच्या दिवाणखान्यात बसले आणि चर्चा तासभर एकाच ठिकाणी अडून राहिली. सबनीस म्हणत, तुमच्याकडचं आधी द्या, मग आमच्या लोकांना रविवारचं विचारतो. मन्मथप्पा म्हणत, आधी तुम्ही विचारा. सबनीसांनाही संशय होता. पाच-पाच मिनिटांचे तुकडे, वर तारीख नाही, हे कशावरून त्याच आठवड्यातले? तारीख तर मन्मथप्पांनी प्रत्येक बाजूच्या सुरुवातीला बोललेली होती, आणि सुरुवातीवर सरांची केमिस्ट्री बसली होती. शेवटी मीच तोड काढली. दोघांनी आपापल्या याद्या माझ्याकडे द्यायच्या, मी एकाच वेळी अदलाबदल करणार. दोघांनाही ते पटलं.

सबनीसांच्या यादीत रविवार नव्हता. पण मन्मथप्पांच्या एकोणीस कॅसेटींमधले तुकडे त्यांच्याकडे आले. मी दुसऱ्या दिवसापासून त्यांतल्या निरोपांची सूची करायला घेतली. नाव, गाव, कुणासाठी, काय. साइटवर ती सूची गेली तर कुणाला तरी आपलं माणूस सापडेल, असा विचार होता. माईक समोर ठेवून टेप केल्यामुळं दुकानातला आवाजही आला होता. कप आपटल्याचा, सायकलची घंटी, भांडणं. काही तुकड्यांत निवेदिका ऐकूच येत नव्हती. सबनीस संगणकावर मागचे आवाज दाबून पुढचा वर काढत आणि साफ केलेला तुकडा मला देत.

सतरा नंबरच्या कॅसेटच्या एका तुकड्यात एक माणूस जोरजोरात सांगतोय की आज रात्री परत भूकंप आहे, रेडिओवर आलंय. त्यावर मन्मथप्पांचा चढलेला आवाज. "कोन म्हनलं? नाव सांगा. नाव सांगा तुमी." दोघांच्या खाली निवेदिका काहीतरी वाचतेय. सबनीसांनी ते साफ करून दिलं. मी हेडफोन लावला आणि लिहीत गेले. नागनाथ आणि महादेवी, औसा तालुका, सोलापूरच्या दवाखान्यात दाखल, प्रकृती स्थिर, लातूरचे बंधू मन्मथप्पा पटणे यांनी यावे.

मी मन्मथप्पांची यादी पाहिली. सतरा नंबर, दुसरी बाजू. शुक्रवार, संध्याकाळ.

ही कॅसेट दहा-अकरा वर्षं त्यांच्याजवळ धड होती. एकदा कान देऊन ऐकली असती तर निदान तेवढ्या वेळात निवेदिका ऐकू आली नाही, एवढं तरी कळलं असतं. पण शुक्रवारी संध्याकाळी ते स्वतः रेडिओसमोर बसले होते. आपण समोर बसून ऐकलं त्याची टेप कशाला लावायची?

दोन दिवस मी कुणालाच बोलले नाही. सबनीसांच्या ते ध्यानात आलं नव्हतं, त्यांच्यासाठी ती नुसती नावं होती. सूचीतून एक ओळ गाळली असती तर कुणाला पत्ता लागला नसता. मी चाळीस वेळा विचार केला असेल. मग वाटलं, ज्या माणसानं आयुष्यभर दुसऱ्याकडं पुरावा मागितला, त्याच्यापासून तो लपवायचा मला हक्क नाही. मी लातूरला गेले आणि साफ केलेला तुकडा त्यांना ऐकवला.

त्यांनी ऐकला. हेडफोन काढून ठेवला. माझ्याकडं असं पाहिलं की वाटलं, आता विचारणार, हे कुणी बनवलं.

"मूळचं हाय का? न साफ केलेलं?"

मी लावलं. स्वतःचा आवाज त्यांनी ओळखला. डोळे मिटून पूर्ण पाच मिनिटं ऐकलं.

"तो मानूस चारा इकायचा," ते म्हणाले. "भूकंप झाला न्हाई त्या रात्री. माझंच खरं निघालं." आणि जरा थांबून, "हे आधी महादेवीला. मग तुमच्या सबनीसांना सांगा, टाका म्हनावं. खाली लिवा, मागचा आवाज मन्मथ पटणेचा."

त्यांना मी शेवटचं पाहिलं ते महादेवीच्या घरी. नवं वसवलेलं गाव, सरळ रेषेत रस्ते, सगळी घरं सारखी. लॅपटॉप माझा, म्हणून मी बरोबर. महादेवी दारात उभी होती. भावासारखीच उंच, केस पांढरे.

"आलास," ती म्हणाली.

"आलो."

गाडीत मी त्यांना सुचवलं होतं की साफ केलेलाच तुकडा लावू, त्यात निरोप स्पष्ट आहे. ते म्हणाले, "बेडा. आधी मूळचं. मी काय करत होतो ते तिला ऐकू द्या." म्हणून आधी ते भांडण लावलं. महादेवी कपाळाला आठ्या घालून ऐकत राहिली. तिला भावाचा आवाज कळला, बाकी काही कळलं नाही. मग दुसरा तुकडा लावला. आता दुकान लांब गेलं आणि निवेदिका जवळ आली. निरोप संपला.

"म्हंजे चिठ्ठी पोचली होती," महादेवी म्हणाली.

"हाव."

"शुक्रवारीच."

"हाव. तुझं खरं व्हतं."

"आन तू?"

"समोरच बसलो व्हतो. ऐकलं न्हाई."

बाहेर कुणाची तरी म्हैस ओरडत होती. मला वाटलं, आता ही रडेल किंवा यांना घराबाहेर काढेल.

"मला वाटायचं तू ऐकून बसलास," ती म्हणाली. "कधी वाटायचं, त्या पोरानं चिठ्ठी फेकून दिली आन मला खोटंच सांगितलं. दोन्हीपैकी एक धरून बसायचे." मग तिनं पदर सारखा केला आणि लॅपटॉपकडं बोट दाखवलं. "परत लाव. ह्यांचं नाव घेतलं ना तिनं, तिथून."

मन्मथप्पांनी लावलं. 'नागनाथ आणि महादेवी... प्रकृती स्थिर.' ती म्हणाली परत. त्यांनी परत लावलं. चौथ्या वेळेला त्यांनी स्टूल जवळ ओढलं, तिचा हात धरला आणि कोणती कळ दाबायची ते तिच्या बोटानं दाबून दाखवलं.

माझी औशाची गाडी साडेचारची होती. मी चपला घातल्या. वळून पाहिलं तर दोघांच्या माना पडद्यापाशी, आणि महादेवी स्वतःच कळ दाबत होती. रस्त्याच्या टोकाला पोचेपर्यंत ते नाव मला ऐकू येत होतं.